घटक ४ : खाशाबा जाधव – वजन आणि मोल

४.१ उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर तुम्हाला –
• खाशाबा जाधव यांच्या जीवनातील प्रमुख टप्पे कालक्रमाने सांगता येतील.
• मातीवरील व गादीवरील कुस्तीतील फरक आणि वजनगटाच्या पद्धतीचे महत्त्व स्पष्ट करता येईल.
• खेळाडूची गुणवत्ता आणि तिला मिळणारी मान्यता यांत अंतर का पडते, याची कारणमीमांसा करता येईल.
• ‘वजन’ या शब्दाच्या अर्थछटांच्या आधारे एका चरित्राचा अन्वय लावता येईल.

४.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, हा घटक मी पुलगावात बसून लिहितो आहे. तुमच्यापैकी जे वर्धा जिल्ह्यातील आहेत, त्यांनी कापसाच्या हंगामातील काटा नक्कीच पाहिला असेल. भरलेली गाडी काट्यावर चढते, वजन होते आणि वर्षभराच्या मेहनतीची किंमत एका आकड्यात सांगितली जाते. काट्यावर केवळ कापूस मोजला जातो. तो पिकवताना काय सोसावे लागले, याची नोंद तेथे होत नाही.

‘वजन’ हा शब्द अरबीतून फारसीमार्गे मराठीत आला. भार हा त्याचा मूळ अर्थ. पण मराठीने त्याला इतर अनेक अर्थ दिले. एखाद्याच्या शब्दाला वजन असते. कुणी आपले वजन खर्ची घालून दुसऱ्याचे काम करून देतो. कचेरीतील कागद पुढे सरकावा म्हणून त्यावर वजन ठेवावे लागते, असे आपण उपरोधाने म्हणतो. म्हणजे शरीराचा भार, समाजातील प्रभाव आणि व्यवहारातील दबाव असे तिन्ही अर्थ आपण एकाच शब्दाने व्यक्त करतो.

या घटकात आपण ज्यांच्या चरित्राचा अभ्यास करणार आहोत, त्या खाशाबा दादासाहेब जाधव यांचे आयुष्य या अर्थांच्या साहाय्याने नेमके समजून घेता येते. स्वतंत्र भारताला ऑलिम्पिकमधील पहिले वैयक्तिक पदक त्यांनी मिळवून दिले. शरीराने ते लहान चणीचे होते. त्यांच्या बळाला काट्यावरच्या वजनाने न्याय मिळवून दिला. व्यवहारातील वजन मात्र त्यांच्या वाट्याला फारसे आले नाही. हे चरित्र वाचताना हे सूत्र मनात ठेवा.

४.३ विषय-विवेचन

४.३.१ गोळेश्वर ते कोल्हापूर

खाशाबांचा जन्म १५ जानेवारी १९२६ रोजी सातारा जिल्ह्यातील कराडजवळच्या गोळेश्वर या गावी झाला. वडील दादासाहेब हे स्वतः पैलवान होते. त्यांच्या पाच मुलांमध्ये खाशाबा सर्वांत धाकटे. घरात कुस्तीचे वातावरण असल्यामुळे पाचव्या वर्षापासूनच त्यांच्या अंगाला माती लागली. वडील हेच त्यांचे पहिले वस्ताद.

येथे एका शब्दाची नोंद घ्या. कुस्ती जेथे शिकवली जाते, त्या जागेला आपण ‘तालीम’ म्हणतो. या अरबी शब्दाचा मूळ अर्थ शिक्षण असा आहे. खाशाबांच्या बाबतीत हे दोन्ही अर्थ एकत्र आले. तालमीसाठी त्यांनी शाळा सोडली नाही. १९४० ते १९४७ या काळात त्यांचे शिक्षण कराडच्या टिळक हायस्कूलमध्ये झाले. हा काळ सातारा जिल्ह्यात मोठ्या उलथापालथीचा होता. १९४२ च्या आंदोलनानंतर क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखाली तेथे प्रतिसरकार उभे राहिले होते. भूमिगत कार्यकर्त्यांना आसरा देणे, पत्रके पोहोचवणे अशी कामे विद्यार्थिदशेतील खाशाबांनीही केली.

पुढे ते कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात दाखल झाले. राजर्षी शाहू महाराजांच्या आश्रयामुळे कोल्हापूर हे कुस्तीचे माहेरघर बनले होते. त्यांच्याच काळात बांधलेले खासबाग मैदान आजही त्याची साक्ष देते. अशा या नगरीत धिप्पाड मल्लांची वाण नव्हती आणि पैलवान म्हटल्यावर लोकांच्या डोळ्यांपुढे तशीच आकृती उभी राहत असे. महाविद्यालयाच्या वार्षिक क्रीडास्पर्धेत कुस्तीसाठी खाशाबांनी नाव दिले, तेव्हा त्यांची चण पाहून क्रीडाशिक्षकांनी ते घेण्याचे नाकारले, असे सांगितले जाते. खाशाबा थेट प्राचार्यांकडे गेले. परवानगी मिळाली आणि त्यांनी आपल्याहून थोराड भासणाऱ्या प्रतिस्पर्ध्यांना आस्मान दाखवले. चपळाई आणि डावांवरील हुकमत ही त्यांची खरी संपत्ती होती. प्रतिस्पर्ध्याच्या मानेला विळखा घालून त्याला फेकण्याचा ढाक हा डाव त्यांच्या विशेष हातखंड्याचा होता.

४.३.२ माती आणि गादी

खाशाबांची पुढील वाटचाल समजून घेण्यासाठी मातीवरची व गादीवरची कुस्ती यांतील फरक ध्यानात घेतला पाहिजे.

आपल्याकडील जत्रांतील कुस्ती मातीच्या हौद्यात होते. पंच पैलवानांची अंगलट व नावलौकिक पाहून जोड लावतात. ही जोड नजरेच्या अंदाजाने ठरते. प्रतिस्पर्ध्याची पाठ जमिनीला लागली की कुस्ती निकाली. ऑलिम्पिकमधील कुस्ती मात्र गादीवर होते. तिला वेळेची मर्यादा असते, गुण दिले जातात आणि चीतपट न होताही हार-जीत ठरते. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे कुस्तीपूर्वी प्रत्येक मल्लाला काट्यावर उभे राहावे लागते.

खाशाबांच्या काळी फ्रीस्टाइल कुस्तीचे आठ वजनगट होते. सर्वांत हलका गट ५२ किलोपर्यंतचा. त्यानंतर ५७, ६२, ६७, ७३, ७९ व ८७ किलोचे गट. आणि ८७ किलोच्या पुढे वजनाला मर्यादाच नसलेला हेवीवेट गट. प्रत्येक गटाला सारखीच पदके होती. हेवीवेट विजेत्याचे सुवर्ण आणि ५२ किलोच्या विजेत्याचे सुवर्ण यांत प्रतवारी नव्हती.

वजन उचलण्याच्या स्पर्धेतही काट्याला असेच महत्त्व आहे. १९५६ च्या मेलबर्न ऑलिम्पिकमध्ये सर्वांत वजनदार गटात अमेरिकेचा पॉल अँडरसन आणि अर्जेंटिनाचा उंबेर्तो सेल्वेत्ती या दोघांनीही एकूण ५०० किलो वजन उचलले. बरोबरी सुटली ती शरीराच्या वजनावर. अँडरसन सेल्वेत्तीपेक्षा हलका भरला, म्हणून सुवर्ण त्याला मिळाले. जगातील सर्वांत बलाढ्य पुरुषांमध्येही हलके असणे हा गुण ठरला.

मातीच्या कुस्तीत वाढलेल्या समाजाला हा विचार नवा होता. थोरल्या देहालाच थोर मल्ल मानणाऱ्या परंपरेत लहान चणीच्या माणसाला कौतुक मिळे, पण मानाची कुस्ती क्वचितच मिळे. वजनगटाच्या नियमाने खाशाबांना ती संधी दिली.

४.३.३ लंडन, १९४८

स्वातंत्र्यानंतरचे पहिले ऑलिम्पिक १९४८ मध्ये लंडनला भरले. खाशाबांची निवड ५२ किलोच्या गटात झाली. प्रवासाचा खर्च कोल्हापूरच्या महाराजांनी उचलला. तोवर खाशाबांचे सारे आयुष्य मातीत गेले होते. आंतरराष्ट्रीय नियमांनी गादीवर खेळण्याचा सराव त्यांना नव्हता. लंडनमध्ये रीस गार्डनर या प्रशिक्षकाने त्यांना त्या नियमांची ओळख करून दिली.

पहिल्या फेरीत खाशाबांनी ऑस्ट्रेलियाच्या बर्ट हॅरिसला काही मिनिटांतच हरवले. पुढे अमेरिकेच्या बिली जर्निगनवरही मात केली. इराणच्या मन्सूर रईसीकडून ते पराभूत झाले आणि त्यांना सहावे स्थान मिळाले. अनोळखी गादीवर, अनोळखी नियमांनी खेळून मिळवलेले हे सहावे स्थान सामान्य नव्हते. आपण कोठे कमी पडतो, हे या स्पर्धेने त्यांना दाखवून दिले. परतल्यावर त्यांनी अधिक वरच्या, म्हणजे ५७ किलोच्या गटासाठी तयारी सुरू केली.

४.३.४ हेलसिंकीची वाट

पुढील चार वर्षांत एक मोठा राजकीय बदल घडला. १९४९ मध्ये कोल्हापूर संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. (त्या वेळी आपला वर्धा जिल्हा मध्य प्रांत व वऱ्हाड या प्रांतात होता, हेही लक्षात ठेवा. मराठी भाषकांचे एक राज्य अद्याप व्हायचे होते.) संस्थान गेले, तसा मल्लांना मिळणारा राजाश्रयही आटला. त्याची जागा घेईल अशी शासनाची क्रीडायंत्रणा मात्र उभी राहिली नव्हती. एक आधार गेला आणि दुसरा आला नाही, अशा या मधल्या काळात खाशाबांना १९५२ च्या हेलसिंकी ऑलिम्पिकची तयारी करावी लागली.

पहिला अडथळा निवडीचा होता. मद्रास येथील राष्ट्रीय स्पर्धेत आपल्याला जाणूनबुजून एक गुण कमी दिला गेला, अशी खाशाबांची तक्रार होती. त्यांच्यासाठी रदबदली करणारे कुणी मातब्बर नव्हते. तरीही ते गप्प बसले नाहीत. भारतीय ऑलिम्पिक संघटनेचे तत्कालीन अध्यक्ष, पतियाळाचे महाराज यादवेंद्रसिंह यांच्याकडे त्यांनी दाद मागितली. पुन्हा कुस्ती घेण्यात आली. खाशाबांनी प्रतिस्पर्धी निरंजन दास यांना चीतपट केले आणि गुणांच्या वादाला जागाच उरली नाही.

दुसरा अडथळा पैशाचा होता. या खेपेस प्रवासखर्च स्वतःलाच उभा करायचा होता. शासनाकडे मदतीसाठी केलेली विनंती वेळेवर फळाला आली नाही. गोळेश्वर व कराड परिसरातील लोकांनी आपापल्या ऐपतीप्रमाणे वर्गणी दिली. तरीही रक्कम अपुरी पडली. तेव्हा राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण ठेवून ७,००० रुपये उभे केले.

मित्रहो, या प्रसंगापाशी थोडे थांबा. एका शिक्षकाने विद्यार्थ्यासाठी स्वतःचे घर पणाला लावले. त्या काळातील ७,००० रुपये ही पगारदार माणसासाठी फार मोठी रक्कम होती आणि पदकाची हमी कुणीच देऊ शकत नव्हते. पुढे जे पदक आले, त्याच्यामागे प्राचार्यांचे घर आणि गावाची वर्गणी होती. राष्ट्राने मिरवलेल्या यशाचा खर्च मूठभर माणसांनी सोसला होता.

४.३.५ हेलसिंकी, १९५२

हेलसिंकी ही फिनलंडची राजधानी. ५७ किलोच्या गटात जगभरातील नामांकित मल्ल उतरले होते. खाशाबांनी कॅनडाच्या एड्रियन पोलिक्विनला व मेक्सिकोच्या लिओनार्दो बसुर्तोला हरवून आगेकूच केली. जपानचा शोहाची इशिई आणि सोव्हिएत संघाचा राशिद मामेदबेयोव या दोघांकडून मात्र त्यांना हार पत्करावी लागली. पुढे इशिईने सुवर्ण व मामेदबेयोवने रौप्यपदक जिंकले.

यांपैकी मामेदबेयोवविरुद्धच्या कुस्तीविषयी एक हकीकत सांगितली जाते. आधीची दीर्घ, दमछाक करणारी कुस्ती संपते न संपते तोच खाशाबांना पुन्हा गादीवर बोलावण्यात आले. दोन कुस्त्यांमध्ये किमान अर्ध्या तासाची विश्रांती मिळावी, असा नियम होता. तो पंचांच्या नजरेस आणून देण्याचे काम संघासोबतच्या अधिकाऱ्याचे. पण त्या क्षणी भारताचा एकही अधिकारी तेथे हजर नव्हता. थकलेले खाशाबा तसेच उतरले आणि हरले.

नियम कागदावर असतो. तो लागू व्हावा यासाठी कुणीतरी त्याच्या बाजूने बोलावे लागते. खाशाबांच्या बाजूने मद्रासला कुणी बोलले नाही आणि हेलसिंकीलाही बोलले नाही. मद्रासनंतर त्यांना दाद मागता आली. हेलसिंकीत तेवढी उसंतही मिळाली नाही.

२३ जुलै १९५२ रोजी त्यांचे कांस्यपदक निश्चित झाले. दुसऱ्याच दिवशी भारतीय हॉकी संघाने अंतिम सामन्यात नेदरलँड्सचा ६–१ असा पराभव करून सुवर्णपदक पटकावले. हॉकीच्या या झळाळीत कुस्तीतील कांस्य काहीसे झाकोळले गेले.

गावाने मात्र ते झाकोळू दिले नाही. खाशाबा परतले, तेव्हा कराड परिसरात शंभराहून अधिक बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. एरवी थोड्या वेळात पार होणाऱ्या गोळेश्वरच्या वाटेला त्या दिवशी कित्येक तास लागले. ज्यांनी वर्गणी दिली होती, त्यांचेच बैल या मिरवणुकीत होते.

खाशाबांनी कर्जाची आठवण ठेवली. कोल्हापुरात त्यांनी कुस्त्यांचे मैदान भरवले, स्वतः कुस्त्या जिंकल्या आणि मिळालेले पैसे प्राचार्य खर्डेकरांना देऊन त्यांचे घर सोडवले. पदक जिंकणाऱ्या मल्लाला आनंदाचे दिवस संपण्याआधीच ऋण फेडण्यासाठी पुन्हा लंगोट कसावा लागला. त्यांच्या स्वभावाची ओळख पदकाइतकीच या कृतीतूनही होते.

४.३.६ पदकानंतरची वर्षे

१९५५ मध्ये खाशाबा पोलीस दलात उपनिरीक्षक म्हणून रुजू झाले. १९५६ च्या मेलबर्न ऑलिम्पिकमध्ये त्यांच्याकडून अधिक मोठ्या यशाची अपेक्षा होती. परंतु गुडघ्याच्या गंभीर दुखापतीमुळे ते स्वप्न विरले. पोलीस दलांतर्गत स्पर्धा त्यांनी जिंकल्या, तरुणांना कुस्ती शिकवली आणि सुमारे सत्तावीस वर्षांच्या सेवेनंतर सहायक पोलीस आयुक्त म्हणून ते निवृत्त झाले.

निवृत्तीनंतरचा काळ सुखाचा नव्हता. निवृत्तिवेतनासाठी त्यांना झगडावे लागले. क्रीडाक्षेत्रातील संघटनांनाही त्यांचा विसर पडला होता. अर्जुन पुरस्काराची सुरुवात १९६१ मध्ये झाली. त्यानंतर खाशाबा २३ वर्षे हयात होते. पण या काळात तो पुरस्कार त्यांना मिळाला नाही. १९८२ च्या दिल्ली आशियाई स्पर्धेच्या ज्योतदौडीत त्यांना सहभागी करून घेण्यात आले, हा हयातीतील मोजक्या सन्मानांपैकी एक होय. १४ ऑगस्ट १९८४ रोजी रस्ते अपघातात त्यांचे निधन झाले. त्या वेळी ते ५८ वर्षांचे होते.

त्यानंतर हळूहळू सन्मान येऊ लागले. महाराष्ट्र शासनाने शिवछत्रपती पुरस्कार मरणोत्तर दिला. २००० सालचा अर्जुन पुरस्कारही मरणोत्तरच मिळाला. २०१० च्या राष्ट्रकुल क्रीडास्पर्धेच्या निमित्ताने दिल्लीतील कुस्तीच्या क्रीडागृहाला त्यांचे नाव देण्यात आले. त्यांचा जन्मदिवस, १५ जानेवारी, आता महाराष्ट्रात राज्य क्रीडा दिन म्हणून साजरा होतो.

त्यांच्या यशाचे मोल पुढील काळाने अधिक स्पष्ट केले. भारताला दुसरे वैयक्तिक ऑलिम्पिक पदक मिळण्यासाठी १९९६ पर्यंत, म्हणजे ४४ वर्षे थांबावे लागले. ते लिएंडर पेस यांनी टेनिसमध्ये मिळवले. कुस्तीतील दुसरे पदक २००८ मध्ये सुशील कुमार यांच्या रूपाने आले. महाराष्ट्राच्या खेळाडूला वैयक्तिक पदकासाठी तर ७२ वर्षे लागली. २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील स्वप्नील कुसाळे यांनी नेमबाजीत कांस्यपदक जिंकले, तेव्हा खाशाबांचे नाव पुन्हा घरोघरी पोहोचले.

४.४ समारोप

विद्यार्थी मित्रहो, या चरित्राकडे उपेक्षित नायकाची करुण कहाणी म्हणून पाहण्याचा मोह होतो. तसे पाहिल्यास खाशाबांवर थोडा अन्याय होईल. क्रीडाशिक्षकांनी नाकारल्यावर ते प्राचार्यांकडे गेले. एक गुण कमी मिळाल्यावर त्यांनी पुन्हा कुस्तीची मागणी केली. शिक्षकाचे गहाण घर त्यांनी स्वतः सोडवले. नशिबाकडे बोट दाखवून थांबणारा हा माणूस नव्हता.

उणीव होती ती भोवतीच्या व्यवस्थेत. काट्याने खाशाबांना त्यांच्या वजनाच्या मल्लांसमोर उभे केले, कारण तेथे देहाखेरीज दुसरे काही मोजले जात नव्हते. निवड समिती, कचेरी, संघटना आणि पुरस्कार यांच्या दारात मात्र वेगळ्या प्रकारचे वजन लागत होते. तेथे ते प्राचार्य खर्डेकरांनी घराच्या रूपाने आणि गावकऱ्यांनी वर्गणीच्या रूपाने पुरवले. जेथे असे पुरवणारे कुणी नव्हते, तेथे खाशाबांना एकट्याला उतरावे लागले.

तुमच्या गावाच्या जत्रेतही एखादा सडपातळ मुलगा हौद्याच्या कडेला जोड मिळण्याची वाट पाहत उभा असेल. वर्धा नदीचा पूल ओलांडला की अमरावती जिल्हा लागतो. तेथील हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने १९१४ पासून विदर्भातील तरुणांना व्यायामाची वाट दाखवली आहे. अशा मुलाला कुठपर्यंत जाता येईल, हे त्याच्या बळावर जितके अवलंबून असते, तितकेच त्याच्यासाठी शब्द टाकणारी माणसे गावात आहेत की नाहीत, यावरही असते. खाशाबांचे चरित्र वाचून हा विचार तुमच्या मनात रुजला, तर या घटकाचा हेतू साध्य झाला असे मी मानेन.

४.५ स्वाध्याय

अ) एका वाक्यात उत्तरे लिहा.
१. खाशाबा जाधव यांचा जन्म कोणत्या गावी झाला?
२. १९४८ च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये त्यांना कितवे स्थान मिळाले?
३. हेलसिंकी येथे त्यांनी कोणत्या वजनगटात पदक मिळवले?

आ) थोडक्यात उत्तरे लिहा.
१. मातीवरील व गादीवरील कुस्तीतील फरक स्पष्ट करा.
२. १९४८ व १९५२ या दोन वर्षांत खाशाबांच्या प्रवासखर्चाची सोय वेगवेगळ्या प्रकारे का झाली, ते संस्थानाच्या विलीनीकरणाच्या संदर्भात लिहा.

इ) सविस्तर उत्तर लिहा.
१. ‘वजन’ या शब्दाच्या विविध अर्थच्छटा सांगून, त्यांच्या आधारे खाशाबा जाधव यांच्या जीवनाचा अन्वय लावा.

ई) उपक्रम
तुमच्या गावातील एखाद्या जुन्या पैलवानाची किंवा वस्तादांची भेट घ्या. कुस्तीच्या बोलीत वापरले जाणारे दहा शब्द त्यांच्याकडून मिळवा व प्रत्येकाचा अर्थ स्वतःच्या शब्दांत लिहा.